बँकेवरचा दरोडा आणि ठेवीदाराचा पैसा

इंडियाना राज्यातल्या क्लिंटन या कोळसा खाणींच्या गावात १६ डिसेंबर १९३० रोजी सिटिझन्स स्टेट बँकेवर दरोडा पडला. १५,५६७ डॉलर गेले. टोळीचा म्होरक्या होता हर्मन लॅम, अमेरिकेतल्या बँक-दरोड्यांना लष्करी शिस्त लावणारा माणूस. दरोडा घालून बाहेर पडल्यावर त्याच दिवशी तो मेला.

महामंदीतले दरोडेखोर म्हटले की आपल्याला लॅम आठवत नाही. आठवतात जॉन डिलिंजर, बॉनी आणि क्लाइड, ‘प्रिटी बॉय’ फ्लॉइड. आणि त्यांच्यामागोमाग एक ठरलेली कथा येते: बँकांनी शेतकऱ्यांना नाडलं, यांनी बँकांना लुटून गरिबांच्या वतीनं सूड घेतला. या कथेवर माझा मोठा आक्षेप आहे. ज्याचा पैसा खरोखर गेला तो ठेवीदार तिच्यात कुठेच दिसत नाही. त्याचा पैसा कशानं गेला आणि पुढे कशानं वाचला हे त्यामुळे कुणी विचारत नाही. महाराष्ट्रातल्या तालुक्याच्या गावांत आज हाच प्रश्न पतसंस्थांच्या दारात उभा आहे, म्हणून तो नीट उलगडायला हवा.

आधी दरोड्याचं तंत्र पाहू. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत लहान गावातली बँक रात्री फोडली जायची. तिजोरीच्या फटीत नायट्रोग्लिसरीन ओतायचं आणि दार उडवायचं. पुढे जाड मँगनीज पोलादाच्या तिजोऱ्या आल्या, ठरलेल्या वेळेआधी कुणालाच उघडता न येणारी घड्याळी कुलपं आली, आणि रात्रीचा धंदा परवडेना. म्हणून चोर दिवसाढवळ्या यायला लागले, कारण तिजोरी उघडी असण्याची वेळ तीच. त्यातच १९२० च्या दशकात पक्के रस्ते झाले आणि मोटारी स्वस्त झाल्या. १९३२ मध्ये फोर्डची ६५ अश्वशक्तीची व्ही-८ गाडी आली. गावात पोलीस एखादाच, शेरीफ म्हणजे जिल्ह्याचा पोलीसप्रमुख जिल्ह्याच्या ठिकाणी, आणि शेरीफचा अधिकार जिल्ह्याच्या हद्दीपर्यंत. राज्याची सीमा ओलांडली की पाठलाग कायद्यानंच थांबायचा. क्लिंटन इलिनॉयच्या सीमेलगतच आहे.

लॅमनं या परिस्थितीची पद्धत बनवली. दरोड्याआधी काही दिवस, कधी काही आठवडे बँकेची टेहळणी. आतल्या खोल्यांचा आराखडा, तिजोरी कोण उघडतो, कोण कुठे बसतो याची नोंद. प्रत्येक माणसाला एकच काम. आत किती मिनिटं थांबायचं ते आधी ठरलेलं. वेळ संपली की कितीही नोटा समोर असल्या तरी निघायचं. आणि सगळ्यांत महत्त्वाचा पळण्याच्या वाटेचा नकाशा: मैलाच्या दशांशापर्यंत अंतरं, प्रत्येक वळण, प्रत्येक खूण. तो चालकासमोर चिकटवलेला असायचा आणि त्या वाटेनं आधी घड्याळ लावून फेऱ्या झालेल्या असायच्या. डिलिंजरच्या टोळीनं हीच पद्धत उचलली. क्लिंटनमध्ये पकडले गेलेले लॅमचे दोन साथीदार मिशिगन सिटीच्या तुरुंगात होते, तिथे डिलिंजरनं त्यांच्याकडून ती शिकून घेतली.

इतकी तयारी असूनही क्लिंटनचा बेत फसला तो साध्या गोष्टींनी. बँकेबाहेर उभ्या असलेल्या अनोळखी गाडीचा एका स्थानिक माणसाला संशय आला आणि तो बंदूक घेऊन पुढे झाला. चालक बिथरला, गाडी घाईनं वळवताना पदपथाच्या कडेवर चढवली आणि टायर फुटला. पहिली हिसकावलेली गाडी निघाली वेगमर्यादा बसवलेली, ताशी ३५ मैलांच्या वर न जाणारी. मग एक ट्रक घेतला, त्याच्या रेडिएटरमध्ये पाणी फारच थोडं होतं. मग आणखी एक गाडी, तिच्यात जेमतेम गॅलनभर पेट्रोल. नकाशा शेवटपर्यंत बरोबर होता, पण त्यावर चालायला वाहन उरलं नाही. सीमेपलीकडे सिडेल गावाजवळ सुमारे २०० पोलीस आणि हत्यारबंद गावकऱ्यांनी टोळीला घेरलं. पाचपैकी तिघे मेले.

या कारागिरीचं आकर्षण मला समजतं. मिनिटांचा हिशोब, वाटेचा नकाशा, शेवटच्या क्षणी फसलेला डाव, यात गोष्ट सांगण्याजोगं सगळं आहे. आयोवातल्या मेसन सिटीत १३ मार्च १९३४ ला डिलिंजरच्या टोळीनं सुमारे ५२,००० डॉलर नेले, पण त्याच्या कितीतरी पट रक्कम तिजोरीतच राहिली. छताजवळच्या पोलादी पिंजऱ्यातल्या पहारेकऱ्यानं अश्रुधुराची नळकांडी फोडली होती, आणि कुलूपबंद गजांआडून नोटा देणारा कर्मचारी मुद्दाम एक-एक डॉलरच्या नोटांच्या गड्ड्या हळूहळू बाहेर सरकवत राहिला. मला या प्रसंगात नायक दिसतो तो हा कर्मचारी. टोळी निघाली तेव्हा गाडीच्या पायफळ्यांवर ओलीस धरलेले गावकरी उभे केले होते, म्हणजे पोलिसांना गोळी झाडता येऊ नये. ज्यांच्या वतीनं सूड घेतला असं म्हणतात, ते लोक त्या वेळी ढाल म्हणून वापरले गेले. एफबीआयच्या नोंदीनुसार सप्टेंबर १९३३ ते जुलै १९३४ या काळात डिलिंजर आणि त्याच्या टोळीनं १० माणसं मारली. मेलेल्यांत सावकार नव्हते. ईस्ट शिकागो आणि साउथ बेंड इथल्या बँकांबाहेर पोलीस शिपाई मेले, ओहायोतल्या लिमा इथे तुरुंग सांभाळणारा शेरीफ मेला.

आता पैशाचा हिशोब. तेव्हाच्या लहान गावातली एक बँक कल्पनेनं मांडून पाहू. राष्ट्रीय बँकेचा, म्हणजे केंद्र सरकारनं मान्यता दिलेल्या खासगी बँकेचा, परवाना ३,००० पर्यंत वस्तीच्या गावात २५,००० डॉलर भांडवलावर मिळायचा. समजा भांडवल तेवढं, ठेवी २ लाख. एकूण सव्वादोन लाखांपैकी १ लाख ४० हजार शेतकऱ्यांना आणि दुकानदारांना कर्जाऊ दिलेले, ६५ हजार रोख्यांत आणि मोठ्या शहरातल्या बँकेत ठेवलेले, २० हजार तिजोरीत रोख. दरोड्यात १५ हजार गेले तर भांडवल १० हजारांवर येतं. बँक जखमी होते, पण जगते. दरोड्याचा खासगी विमा उतरवलेला असला तर तेवढीही जखम होत नाही. आता गव्हाकडे बघा. १९२९ मध्ये डॉलरच्या वर असलेला बुशेलचा (सुमारे २७ किलोंचा) भाव १९३२ मध्ये ४० सेंटांच्या खाली आला. कर्जदार शेतकऱ्याचं उत्पन्न निम्म्याहून कमी झालं. १ लाख ४० हजारांच्या कर्जांपैकी फक्त पाचवा हिस्सा बुडीत गेला तरी २८ हजार गेले, म्हणजे सगळं भांडवल संपून तूट ठेवीदारांच्या पैशात आली. बंदूक न दाखवता.

आणि तूट आहे अशी नुसती कुणकुण लागली तरी पुरे व्हायचं. ठेव मागताक्षणी परत द्यायची, कर्ज मात्र पीक आल्यावर वसूल होणार. २ लाखांच्या ठेवींतले ३० हजार एकाच सकाळी मागायला लोक आले तर तिजोरीतले २० हजार दुपारपर्यंत संपतात. जो रांगेत पहिला तो सुटला. म्हणून शहाणा माणूस धावणारच, त्याच्या धावण्यात मूर्खपणा काहीच नव्हता. दार बंद झालं की अवसायक यायचा, कर्जं वसूल करायचा, मंदीत जमिनी विकायचा आणि ठेवीदारांना हप्त्याहप्त्यानं, कधी कित्येक वर्षांनी, काही भाग द्यायचा. राष्ट्रीय बँकेच्या भागधारकांवर दुहेरी जबाबदारी असे: शेअरचे पैसे तर बुडालेच, वर शेअरच्या दर्शनी किमतीएवढी रक्कम पुन्हा खिशातून भरायची. भागधारक म्हणजे गावातलाच औषधवाला, धान्याचा व्यापारी, डॉक्टर. बँक बुडाली की अख्खी पेठ बसायची.

१९३० ते १९३३ या चार वर्षांत सुमारे ९,००० अमेरिकी बँका बंद पडल्या आणि ठेवीदारांचे सुमारे १३० कोटी डॉलर बुडाले. त्याचं एक मोठं कारण रचनेत होतं. बऱ्याच राज्यांत बँकेला शाखा काढायला बंदी किंवा कडक मर्यादा होती, त्यामुळे एका गावाची एक स्वतंत्र बँक, आणि तिचं सगळं कर्ज त्याच गावाच्या एका-दोन पिकांवर. मका पडला की कर्जदार, भागधारक आणि ठेवीदार तिघंही एकदम पडायचे.

मग लोकांना दरोडेखोरांबद्दल जिव्हाळा वाटला यात नवल काय, असं कुणी म्हणेल. राग खरा होता आणि रास्त होता. पण दरोडेखोरांनी त्या रागाचं काय केलं? फ्लॉइड बँकेतली गहाणखतं फाडून शेतकऱ्यांना कर्जमुक्त करायचा, अशी आख्यायिका ओक्लाहोमात आजही सांगतात. गहाणखताची नोंद जिल्ह्याच्या कचेरीत होत असे. बँकेतला कागद फाटला तरी कचेरीतल्या नोंदवहीतला बोजा तसाच राहतो आणि हरवलेल्या कागदाचा पुरावा कोर्टात प्रतिज्ञापत्रानं देता येतो. १८७५ मध्ये सुप्याच्या शेतकऱ्यांनी सावकारांची खतं जाळली तेव्हा त्या जाळण्याला अर्थ होता, कारण पुष्कळदा सावकाराच्या पेटीतला कागद हाच सगळा पुरावा असे. फ्लॉइडनं एखादा कागद फाडला असेलही, पण त्यानं कुणाचं शेत वाचणं शक्य नव्हतं.

शेतं वाचवली ती शेजाऱ्यांनी आणि कायद्यानं. जप्तीच्या लिलावाला गाव गोळा व्हायचं, घोड्याला दहा सेंट, नांगराला पाच सेंट अशी बोली लावायचं, बाहेरच्या माणसाला बोलू द्यायचं नाही आणि सगळी मालमत्ता मूळ मालकाला परत करायचं. एप्रिल १९३३ मध्ये आयोवातल्या ल मार्स इथे चिडलेल्या शेतकऱ्यांनी जप्तीचे खटले चालवणाऱ्या न्यायाधीशाला कोर्टातून ओढून नेलं आणि गळ्यात दोर अडकवला. हे भयंकर होतं आणि त्याचं समर्थन करता येणार नाही. पण शेतकऱ्यांच्या संघटित दबावाखाली राज्यांनी जप्त्या लांबणीवर टाकणारे कायदे केले, आणि मिनेसोटाचा तसा कायदा जानेवारी १९३४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं वैध ठरवला. त्यानं शेतकऱ्याला मुदत मिळाली. फ्लॉइडच्या अंत्यसंस्काराला हजारो लोक जमले, पण त्याच्यामुळे कुणाला एका हंगामाचीही मुदत मिळाली नव्हती.

दरोडे थांबवायचा बँकांचा उपायही तितकाच उथळ होता. मध्य-पश्चिमेतल्या बँक संघटनांनी गावोगाव नागरिकांची हत्यारी पथकं उभी केली. टेक्सासच्या बँक संघटनेनं मेलेल्या दरोडेखोरामागे ५,००० डॉलरचं बक्षीस जाहीर केलं, जिवंत पकडलेल्याला काहीच नाही. परिणाम काय झाला? टेक्सास रेंजर या राज्य पोलीस दलातल्या फ्रँक हेमरनं १९२८ मध्ये जाहीर केलं की बक्षिसासाठी बेसावध माणसांना फूस लावून बँकेपाशी आणलं जातं आणि गोळ्या घातल्या जातात. माणसाच्या प्रेताची किंमत ठरवली की प्रेतं पुरवणारे तयार होतात. (बॉनी आणि क्लाइडवर १९३४ मध्ये सापळा लावला तो याच हेमरनं, म्हणजे तो दरोडेखोरांना सामील होता असं कुणी म्हणू शकणार नाही.)

१८ मे १९३४ च्या केंद्रीय कायद्यानं राष्ट्रीय बँकांवरचा दरोडा केंद्रीय गुन्हा झाला आणि राज्याच्या सीमेचा आडोसा संपला. हा उपाय योग्य होता. पण त्यानं दरोडेखोर पकडले गेले. ठेवीदाराला खरी झोप लागली ती आणखी एका कायद्यामुळे, आणि त्याची गोष्ट कुणी रंगवून सांगत नाही.

तो म्हणजे १६ जून १९३३ चा बँकिंग कायदा आणि त्यातला ठेव विमा. अलाबामाचे प्रतिनिधी हेन्री स्टीगल यांनी लहान बँकांची बाजू घेऊन तो रेटला. अध्यक्ष रूझवेल्ट सुरुवातीला विरोधात होते, बँकांची राष्ट्रीय संघटना तर कडाडून विरोधात. आक्षेप असा की चांगल्या बँकेच्या हप्त्यातून वाईट बँकेची भरपाई होईल आणि ठेवीदार बँक पारखणं सोडून देईल. आक्षेप पोकळ नव्हता. ओक्लाहोमानं १९०८ मध्ये राज्यापुरती ठेव हमी सुरू केली होती, नंतर कॅन्सस, नेब्रास्का, टेक्सास, दोन्ही डकोटा, मिसिसिपी आणि वॉशिंग्टन अशी आणखी सात राज्यं त्या वाटेनं गेली. १९३० पर्यंत सगळ्या योजना मोडीत निघाल्या. निधी एका राज्याचा आणि संकटही त्याच राज्याच्या शेतीवर. शंभर बँका एकदम पडल्या तर उरलेल्या कितीशा भरणार? शिवाय वाईट बँकेला योजनेबाहेर ठेवायची हिंमत राज्यांच्या अधिकाऱ्यांत क्वचितच होती.

केंद्रीय योजनेनं या दोन्ही चुका टाळल्या. धोका देशभर वाटला, आणि विमा देण्याआधी तपासणी केली. १९३३ च्या शेवटच्या काही महिन्यांत राज्यांच्या परवान्यावर चालणाऱ्या सुमारे ८,००० बँकांची दप्तरं तपासली गेली. १ जानेवारी १९३४ ला विमा सुरू झाला तेव्हा सुमारे १३,००० बँका आत होत्या. मर्यादा प्रत्येक ठेवीदाराला २,५०० डॉलर, सहा महिन्यांनी ५,०००. १९३५ पासून बँकांकडून घेतला जाणारा हप्ता ठेवींच्या एक टक्क्याचा बारावा भाग, म्हणजे शंभर डॉलरमागे सुमारे आठ सेंट. १९३३ मध्ये सुमारे ४,००० बँका बंद पडल्या होत्या. १९३४ मध्ये विमा असलेल्या फक्त ९ बुडाल्या. मंदी संपली नव्हती, गव्हाला भरघोस भाव आलेला नव्हता. रांगेत पहिलं उभं राहण्याचं कारणच नाहीसं झालं होतं.

हा धागा आपल्यापर्यंत सरळ येतो. १९६० मध्ये केरळातली पलाई सेंट्रल बँक आणि आपल्या अकोल्याची लक्ष्मी बँक बुडाली. त्या धक्क्यातून १९६१ चा ठेव विमा महामंडळ कायदा झाला आणि १ जानेवारी १९६२ पासून भारतात ठेव विमा लागू झाला, सुरुवातीची मर्यादा १,५०० रुपये. सहकारी बँका १९६८ च्या दुरुस्तीनंतर टप्प्याटप्प्यानं त्यात आल्या. १९९३ मध्ये मर्यादा १ लाख झाली आणि पुढे २७ वर्षं हलली नाही. सप्टेंबर २०१९ मध्ये पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेवर निर्बंध आले तेव्हा खातेदाराला पहिल्यांदा काढता आले ते फक्त १,००० रुपये. त्यानंतर फेब्रुवारी २०२० मध्ये मर्यादा ५ लाखांवर गेली, आणि २०२१ च्या दुरुस्तीनं निर्बंध लागल्यापासून ९० दिवसांत विम्याची रक्कम द्यायचं बंधन आलं. ही मर्यादा प्रत्येक ठेवीदाराला, प्रत्येक बँकेमागे, मुद्दल आणि व्याज धरून आहे. एकाच बँकेच्या तीन शाखांत तीन खाती असली तरी ती एकच धरली जातात.

पण पतसंस्था या छत्राबाहेर आहेत. महाराष्ट्रात गल्लोगल्ली पतसंस्था आहेत. त्यांचे पिग्मी एजंट रोज संध्याकाळी दुकानात येतात, व्याज बँकेपेक्षा जास्त असतं, संचालक ओळखीचे असतात. हमाल, भाजीवाली, निवृत्त शिक्षक यांचा पैसा तिथे असतो. कर्जंही त्याच तालुक्यात, पुष्कळदा त्याच चार व्यवसायांत आणि कधी संचालकांच्याच गोतावळ्यात. वर मी मांडलेल्या बँकेशी ताडून बघा: १९३० चं क्लिंटन तालुक्यात तसंच्या तसं सापडेल. पतसंस्था अडचणीत आली की प्रशासक, मग अवसायक, मग वर्षानुवर्षं वसुलीचे दाखले आणि ठेवीदारांचे मोर्चे.

राज्यापुरता संरक्षण निधी उभारावा असा विचार आपल्याकडे अधूनमधून पुढे येतो. हेतू चांगला असला तरी ओक्लाहोमा आणि नेब्रास्काचा धडा त्याच्या विरोधात आहे: एका राज्याचा निधी त्या राज्याच्या दुष्काळात आणि राज्याच्या राजकारणात बुडतो. पतसंस्थांना केंद्रीय विम्यात घ्यावं, पण १९३३ सारखी आधी तपासणी करून. दप्तर तपासणारा माणूस सहकाराच्या स्थानिक पुढाऱ्यांच्या हाताखालचा नसावा. आणि तपासणीत न बसणाऱ्या संस्थांना नवीन ठेवी घ्यायला बंदी असावी. २०२० मध्ये बँकांचा हप्ता शंभर रुपयांमागे वर्षाला १२ पैसे ठरला. पतसंस्थांचा धोका जास्त म्हणून त्यांना दुप्पट लावला तरी तो २४ पैसे होतो. जादा व्याजाचं आमिष दाखवणाऱ्या संस्थेला हे २४ पैसे जड वाटत असतील, तर ठेवीदारानं तिथूनच काय ते ओळखावं.

यात वेळ जाईल, कायदे बदलावे लागतील. तोवर सहकार खात्याला करता येण्याजोगी एक गोष्ट आहे. प्रत्येक पतसंस्थेच्या पासबुकाच्या पहिल्या पानावर, ठेव पावतीवर आणि पिग्मीच्या कार्डावर ‘या ठेवीला विमा संरक्षण नाही’ एवढी ओळ ठळक अक्षरांत छापणं सक्तीचं करावं, आणि ती वाचून दाखवल्याची ठेवीदाराची सही खातं उघडतानाच घ्यावी.